विस्कॉन्सिनचे नकाशे कुणी काढायचे?

नोव्हेंबर 2018मध्ये अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यात डेमोक्रॅटिक पक्षाने राज्यव्यापी असलेली प्रत्येक लढत जिंकली. गव्हर्नर, ॲटर्नी जनरल, सेक्रेटरी ऑफ स्टेट, खजिनदार आणि वॉशिंग्टनला जाणाऱ्या सिनेटर, अशा पाचही जागा त्यांच्याकडे गेल्या. त्याच दिवशी त्याच मतदारांनी राज्याच्या विधानसभेसाठीही मत दिले. तिथे 99पैकी 63 जागा रिपब्लिकन पक्षाला मिळाल्या. विधानसभेसाठी पडलेली सगळी मते एकत्र केली, तर डेमोक्रॅट उमेदवारांना सुमारे 53 टक्के मते होती आणि जागा मात्र 36.

यावर एक रास्त आक्षेप घेतला जातो. बऱ्याच मतदारसंघांत एकाच पक्षाचा उमेदवार उभा होता, त्यामुळे एकूण मतांची बेरीज फसवी ठरते. आक्षेप मान्य करू आणि दुसरा आकडा घेऊ. गव्हर्नरपदाच्या लढतीत दोन्ही पक्ष प्रत्येक गावात, प्रत्येक केंद्रावर आमनेसामने होते. तिथे डेमोक्रॅट टोनी एव्हर्स यांनी रिपब्लिकन गव्हर्नर स्कॉट वॉकर यांना सुमारे 29 हजार मतांनी हरवले. तरीही विधानसभेच्या मतदारसंघांनुसार मोजणी केली, तर हरलेले वॉकर 99पैकी 63 मतदारसंघांत पुढे होते. म्हणजे राज्यात पराभव आणि जवळपास दोन तृतीयांश मतदारसंघांत आघाडी, असा निकाल एकाच मतपत्रिकेतून निघाला.

अमेरिकी राज्यांतल्या पक्षांच्या बलाबलाविषयी लिहिताना विधिमंडळातल्या जागा मोजून मोकळे होण्याची सवय आपल्याकडेही आहे आणि तिकडेही. अमुक राज्य लाल म्हणजे रिपब्लिकन, तमुक निळे म्हणजे डेमोक्रॅट, एवढ्यावर चर्चा संपते. विस्कॉन्सिनने मागच्या दीड दशकात या सवयीला जे उत्तर दिले, ते गंभीरपणे घ्यायला हवे. पक्षाची ताकद लोकांच्या मनात जितकी असते, तितकीच ती मतदारसंघाच्या सीमा आखणाऱ्याच्या हातात असते. म्हणूनच त्या सीमांवर निवडून येणाऱ्यांच्या हाती सीमा आखण्याचे काम असू नये. हे काम विधिमंडळाकडून काढून स्वतंत्र आयोगाकडे द्यावे आणि ते आताच द्यावे, असे माझे म्हणणे आहे.

आधी हे राज्य समजून घेऊ. लोकसंख्या 59 लाखांच्या आसपास, 72 काऊंट्या म्हणजे आपल्या जिल्ह्यांसारखे विभाग, पूर्वेला लेक मिशिगन. मिलवॉकी हे सर्वांत मोठे शहर, आणि मॅडिसन ही राजधानी आणि विद्यापीठाचे गाव. मतदार म्हणून नाव नोंदवताना इथे पक्ष सांगावा लागत नाही, आणि पक्षाचा उमेदवार ठरवणाऱ्या पक्षांतर्गत प्राथमिक निवडणुकीत कुठल्या पक्षासाठी मत द्यायचे ते मतदार केंद्रात गेल्यावर ठरवतो. त्यामुळे अमुक पक्षाचे नोंदलेले मतदार इतके, असा आकडा या राज्यात मिळत नाही. ताकद कळते ती फक्त मतमोजणीतून.

आणि मतमोजणी काय सांगते? वॉशिंग्टनच्या सिनेटमधल्या विस्कॉन्सिनच्या एकाच जागेचा इतिहास पाहा. 1906पासून तिथे रॉबर्ट ला फॉलेट होते. रेल्वे कंपन्या आणि पक्षातल्या बड्या धेंडांशी भांडून नाव कमावलेले सुधारणावादी रिपब्लिकन. 1925मध्ये ते गेल्यावर त्यांचा मुलगा आला आणि त्याने वीसेक वर्षे जागा राखली. 1946मध्ये त्या मुलाला पक्षाच्या प्राथमिक निवडणुकीत हरवले जोसेफ मॅकार्थी यांनी, ज्यांच्या कम्युनिस्टविरोधी मोहिमेने पुढे सगळ्या अमेरिकेला वेठीला धरले. 1957मध्ये मॅकार्थी वारले आणि त्यांच्या जागी याच मतदारांनी डेमोक्रॅट विल्यम प्रॉक्समायर यांना निवडून दिले, ते 1989पर्यंत राहिले. आज त्या जागेवर टॅमी बाल्डविन आहेत, अमेरिकी सिनेटवर निवडून आलेल्या पहिल्या उघडपणे समलिंगी व्यक्ती. ज्या राज्यातल्या रिपन गावी 1854मध्ये रिपब्लिकन पक्षाची मुहूर्तमेढ रोवली गेली, त्याच राज्यातल्या मिलवॉकीने समाजवादी पक्षाचे तीन महापौर निवडले आणि त्यातला शेवटचा 1960पर्यंत पदावर होता.

हा मतदार कुणाच्या दावणीला बांधलेला नाही. डोनाल्ड ट्रम्प यांनी 2016मध्ये हे राज्य 23 हजारांपेक्षा कमी मतांनी जिंकले, 2020मध्ये जो बायडन यांनी सुमारे 21 हजारांनी, 2024मध्ये पुन्हा ट्रम्प यांनी सुमारे 29 हजारांनी. त्या 2024च्या मतपत्रिकेवर टॅमी बाल्डविनही होत्या आणि त्याही सुमारे 29 हजारांनीच जिंकल्या. वर ट्रम्प, खाली बाल्डविन, असे मत देणारे लोक या राज्यात आहेत आणि निकाल तेच ठरवतात. 2022मध्ये त्यांनी डेमोक्रॅट एव्हर्स यांना दुसऱ्यांदा गव्हर्नर केले आणि त्याच दिवशी रिपब्लिकन रॉन जॉन्सन यांना पुन्हा सिनेटवर पाठवले.

इतक्या तुल्यबळ राज्यात एका पक्षाला विधानसभेत 60, 63, 64 जागा वर्षानुवर्षे मिळत राहतात, तेव्हा कारण मतदारांत सापडत नाही. ते 2011मध्ये सापडते.

अमेरिकेत दर दहा वर्षांनी जनगणना होते आणि मग मतदारसंघांच्या सीमा नव्याने आखाव्या लागतात. बहुतेक राज्यांत हे काम विधिमंडळ साधा कायदा करून करते आणि गव्हर्नर त्यावर सही करतो. विस्कॉन्सिनमध्ये त्याआधीच्या तीन जनगणनांनंतर सत्ता दोन पक्षांत विभागलेली असल्याने एकमत झाले नाही आणि नकाशे शेवटी केंद्रीय न्यायालयानेच काढून दिले. 2010च्या निवडणुकीत रिपब्लिकनांनी गव्हर्नरपद आणि दोन्ही सभागृहे एकदम जिंकली. नवा नकाशा त्यांच्या हाती आला.

तो नकाशा विधिमंडळाच्या इमारतीत तयार झाला नाही. मॅडिसनमध्ये कॅपिटॉलच्या, म्हणजे त्या इमारतीच्या समोर, रस्त्यापलीकडे एका वकिली कंपनीचे कार्यालय होते. तिथली एक खोली नकाशाची खोली म्हणून ओळखली जाई. रिपब्लिकन आमदारांना एकेक करून तिथे बोलावले, प्रत्येकाला त्याचा स्वतःचा मतदारसंघ दाखवला आणि गुप्ततेच्या करारावर सही घेतली. शेजारच्या मतदारसंघाचे काय झाले, ते त्याला दाखवले नाही. डेमोक्रॅट आमदारांना तर त्या दारापर्यंतही कुणी नेले नाही. पुढे न्यायालयात जी कागदपत्रे उघड झाली, त्यांत मसुद्यांची नावेच बोलकी होती: एकाचे नाव ‘ठाम’ अशा अर्थाचे, दुसऱ्याचे ‘आक्रमक’ अशा अर्थाचे. प्रत्येक मसुद्याबरोबर कोणत्या मतदारसंघात पक्षाला किती टक्के मते पडतील, याचा हिशेब मांडलेला होता. ऑगस्ट 2011मध्ये वॉकर यांनी त्यावर सही केली.

युक्त्या दोनच. विरोधी मतदार जिथे दाट आहेत तिथे त्यांना मोजक्या मतदारसंघांत ठासून भरायचे, म्हणजे त्यांचा उमेदवार ऐंशी टक्के मते घेऊन जिंकतो आणि वरची सगळी मते वाया जातात. जिथे विरोधी मतदार मध्यम संख्येने आहेत, तिथे त्यांना फोडायचे.

शिबॉयगन हे लेक मिशिगनच्या काठावरचे सुमारे पन्नास हजार वस्तीचे शहर. कारखान्यांचे, कामगारांचे, आग्नेय आशियातून आलेल्या ह्मोंग निर्वासितांनी घर केलेले, डेमोक्रॅटांकडे झुकणारे. विधानसभेचा एक मतदारसंघ साधारण साठ हजार लोकसंख्येचा असतो, म्हणजे अख्खे शहर एका मतदारसंघात सहज बसते, आणि 2011पर्यंत बसतही होते. नव्या नकाशाने शहराच्या मधून रेघ ओढली. अर्धे शहर 26व्या मतदारसंघात, अर्धे 27व्या, आणि दोन्ही अर्धांना आसपासच्या रिपब्लिकन गावांचे भरपूर मतदार जोडले. पुढच्या निवडणुकांत दोन्ही जागा रिपब्लिकनांकडे राहिल्या. एकाच रस्त्याने शाळेत मुले सोडणाऱ्या, एकाच पाणीपुरवठ्यावर जगणाऱ्या लोकांना शहराचा म्हणून एक आमदार उरला नाही. 2024मध्ये नव्या सीमांनी शहर पुन्हा एका मतदारसंघात आले आणि डेमोक्रॅट उमेदवार जिंकला. शिबॉयगनचे लोक तेच होते, फक्त मधली रेघ गेली होती.

2012मध्ये त्या नकाशाची पहिली परीक्षा झाली. बराक ओबामा यांनी राज्य जवळपास सात टक्क्यांनी जिंकले. विधानसभेत रिपब्लिकनांना 48.6 टक्के मते पडली आणि 60 जागा मिळाल्या.

आता रिपब्लिकनांच्या बाजूचा सर्वांत भक्कम युक्तिवाद बघू, कारण तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. डेमोक्रॅट मतदार स्वतःहूनच मॅडिसन आणि मिलवॉकीत दाटीने राहतात. मॅडिसनच्या डेन काऊंटीत त्यांचे उमेदवार पाऊणशे टक्के आणि त्याहून अधिक मते घेतात. अशी दाटी असली की अगदी निष्पक्ष हाताने सीमा आखल्या तरी जागांमध्ये रिपब्लिकनांना थोडी आघाडी मिळणारच. हे खरे आहे, आणि 2024च्या निकालाने ते सिद्धही केले. नव्या, बऱ्याच अधिक न्याय्य नकाशावर, जवळजवळ बरोबरीच्या मतांत रिपब्लिकनांनी विधानसभेच्या 54 आणि डेमोक्रॅटांनी 45 जागा जिंकल्या. एक मतदारसंघ, एक आमदार ही पद्धत स्वीकारली की भूगोलाचे इतके माप पदरात घ्यावे लागते. पण त्याच निकालाकडे उलट बाजूने पाहा. आदल्या विधानसभेत रिपब्लिकन 64 होते, आता 54. राज्याच्या सिनेटमध्ये, म्हणजे विधिमंडळाच्या वरच्या सभागृहात, 33पैकी 22 होते, ते 18 झाले, आणि तेही निम्म्याच जागांवर मतदान होऊन. मतदारांचा कल त्या वर्षी उलट किंचित रिपब्लिकनांकडे सरकला होता. भूगोलाने दिलेले आणि खोलीत बसून मिळवलेले यातला फरक इतका मोठा होता.

विधानसभेचे रिपब्लिकन सभापती रॉबिन व्हॉस यांनी 2018च्या निकालानंतर म्हटले होते की मॅडिसन आणि मिलवॉकी वगळले तर आमचे स्पष्ट बहुमत आहे. मला या वाक्याचा आजही राग येतो. राज्यातली दोन सर्वांत मोठी शहरे, तिथले कामगार, विद्यार्थी, काळे नागरिक, प्राध्यापक, परिचारिका, सगळे वगळायचे आणि मग राज्याचा कौल मोजायचा? कुठल्याही गावातल्या माणसाचे मत शहरातल्या माणसाइतकेच मोलाचे असते, आणि हे उलटही तितकेच खरे असते.

फुगवलेल्या बहुमताचा परिणाम कागदावर राहत नाही. 2018मध्ये वॉकर हरले, आणि नवा गव्हर्नर शपथ घेण्याआधी डिसेंबरमध्ये जुन्या विधिमंडळाने रात्रभर बसून येणाऱ्या गव्हर्नर आणि ॲटर्नी जनरलचे अधिकार कापले. 2019च्या नोव्हेंबरात एव्हर्स यांनी बंदुकांच्या प्रश्नावर विशेष अधिवेशन बोलावले. सभागृह सुरू झाले आणि चर्चेशिवाय काही क्षणांत संपले. एप्रिल 2020मध्ये कोरोनाची पहिली लाट वर चढत असताना गव्हर्नरांनी निवडणूक पुढे ढकलण्यासाठी अधिवेशन बोलावले, तेही असेच गुंडाळले गेले. 7 एप्रिलला मिलवॉकीत नेहमीच्या 180 मतदान केंद्रांऐवजी 5 उघडली. लोक तोंडाला फडकी बांधून, एकमेकांपासून अंतर ठेवून, तासन् तास रांगेत उभे राहिले. मतदार नाराज झाला तरी आपली जागा जात नाही, ही खात्री असल्याशिवाय कुठलाही पक्ष असे वागत नाही. जिथे चुकीची शिक्षा होत नाही तिथे ऐकून घेण्याची गरजही संपते, आणि आरोग्यविम्यापासून शाळांच्या निधीपर्यंत सगळ्याच वाटाघाटी थिजतात.

गव्हर्नरही मग सरळ मार्गाने चालत नाही. विस्कॉन्सिनच्या गव्हर्नरला खर्चाच्या विधेयकातले शब्द आणि आकडे निवडून खोडण्याचा अधिकार आहे. 2023मध्ये शाळांना दरवर्षी प्रति विद्यार्थी 325 डॉलरची वाढीव मर्यादा 2024–25पर्यंत मंजूर झाली होती. एव्हर्स यांनी त्यातला ‘20’ आणि मधली आडवी रेघ खोडली. उरले 2425. म्हणजे वाढ चारशे वर्षांसाठी. न्यायालयाने 2025मध्ये ते वैध ठरवले. शाळांच्या बाजूने माझे मन आहे, तरी हे मला पटत नाही. विधिमंडळाने न मंजूर केलेली चार शतके एका पेनाने मंजूर होणे हे लोकशाहीचे काम नव्हे. अडवणुकीला खोडसाळपणाने उत्तर देण्याची वेळ येते, तेव्हा दोन्ही संस्था खराब झालेल्या असतात.

नकाशाविरुद्ध लढाई न्यायालयात गेली. विद्यापीठातले कायद्याचे निवृत्त प्राध्यापक विल्यम व्हिटफर्ड आणि इतर मतदारांनी दावा लावला. 2016मध्ये केंद्रीय न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या पीठाने दोन विरुद्ध एक असा नकाशा घटनाबाह्य ठरवला. 2018मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने तक्रारदारांचा दावा करण्याचा अधिकारच पुरेसा सिद्ध झालेला नाही म्हणून प्रकरण परत पाठवले, आणि 27 जून 2019ला दुसऱ्या राज्यांच्या खटल्यात पाच विरुद्ध चार मतांनी सांगून टाकले की पक्षीय हेतूने आखलेल्या सीमांचा प्रश्न केंद्रीय न्यायालयांच्या कक्षेबाहेरचा आहे. त्या दिवशी एक दार कायमचे बंद झाले.

उरले राज्याचे सर्वोच्च न्यायालय. 2020च्या जनगणनेनंतर या न्यायालयातल्या रूढिवादी बहुमताने आधी ठरवले की जुन्या नकाशात कमीत कमी बदल करायचे, म्हणजे 2011चा अन्यायच नव्या दशकाचा पाया झाला. या न्यायालयाचे न्यायाधीश दहा वर्षांसाठी लोकांतून निवडले जातात, कागदोपत्री पक्षाविना. एप्रिल 2023मध्ये जॅनेट प्रोटासेविट्झ यांनी प्रचारातच नकाशांना लबाडीने आखलेले म्हणून हिणवले आणि अकरा टक्क्यांनी जिंकल्या. बहुमत पालटले. 22 डिसेंबर 2023ला न्यायालयाने चार विरुद्ध तीन असा निकाल दिला. आधार मात्र पक्षपाताचा नव्हता. राज्यघटना सांगते की मतदारसंघाचा प्रदेश सलग असला पाहिजे. विधानसभेचे किमान 50 आणि सिनेटचे किमान 20 मतदारसंघ तुकड्यातुकड्यांचे होते. फेब्रुवारी 2024मध्ये रिपब्लिकन विधिमंडळाने, न्यायालयाकडून याहून वाईट काही येईल या धास्तीने, एव्हर्स यांचाच नकाशा मंजूर केला. त्या मतदानात जवळपास सगळ्या डेमोक्रॅट आमदारांनी आपल्याच गव्हर्नरच्या नकाशाविरुद्ध मत दिले, कारण त्यांना डावाचा संशय होता. विश्वास किती आटला होता, हे एवढ्यावरून कळावे.

मग प्रश्न सुटला, असे म्हणणारे बरेच आहेत. मी त्यांच्यात नाही. नकाशा सुधारला तो न्यायालयाचे बहुमत बदलल्यामुळे, आणि बहुमत बदलले ते 5 कोटी डॉलरहून अधिक खर्चाच्या एका निवडणुकीत. दोन वर्षांनी, एप्रिल 2025मध्ये, त्याच न्यायालयाच्या एका जागेसाठी सुमारे 10 कोटी डॉलर ओतले गेले. ईलॉन मस्क यांनी ग्रीन बे शहरात सभा घेऊन दोन मतदारांना दहा-दहा लाख डॉलरचे चेक दिले. सुझन क्रॉफर्ड यांनी ती जागा दहा टक्क्यांनी जिंकली आणि बहुमत टिकले. पण ज्या न्यायालयाचा निकाल निवडणुकीबरोबर फिरू शकतो, त्याच्या भरवशावर सीमांचा न्याय सोडणे म्हणजे भाडेकराराने घेतलेल्या घराला आपले म्हणणे.

हा विकार एकाच पक्षाचा आहे, असा समज करून घेऊ नये. विस्कॉन्सिनच्या दक्षिणेला लागून असलेल्या इलिनॉयमध्ये डेमोक्रॅटांनी 2021मध्ये काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकी संसदेच्या, 17 जागांचे नकाशे असे काढले की 14 त्यांच्याकडे आल्या. 2024मध्ये त्याच राज्यात ट्रम्प यांना 43 टक्क्यांहून अधिक मते होती. 2025मध्ये तर टेक्ससने जनगणनेची वाट न पाहता रिपब्लिकनांच्या पाच जागा वाढाव्यात म्हणून मध्येच नकाशा बदलला, आणि उत्तर म्हणून कॅलिफोर्नियाने आपल्याच स्वतंत्र आयोगाचा नकाशा दशकाच्या उरलेल्या काळासाठी बाजूला ठेवण्याचा ठराव नोव्हेंबरात लोकमताने मंजूर केला. कॅलिफोर्नियाचा राग मला समजतो. तरी ज्या राज्याने आयोगाचा आदर्श घालून दिला होता, त्यानेच तो गुंडाळून ठेवला, याचे दुःख त्याहून मोठे आहे.

मराठी वाचकाला हे वाचताना प्रभाग रचना आठवणे साहजिक आहे. आपल्याकडे लोकसभा आणि विधानसभेच्या सीमा परिसीमन आयोग ठरवतो, आमदार नाही. 2009पासून आपण ज्या मतदारसंघांत मत देतो ते त्याच आयोगाच्या कामातून आले. पण महापालिकांच्या प्रभागांचे तसे नाही. मार्च 2022मध्ये महाराष्ट्राच्या विधिमंडळाने कायदा करून प्रभाग आखण्याचा अधिकार राज्य निवडणूक आयोगाकडून सरकारकडे घेतला. मुंबई महापालिकेचे प्रभाग एका सरकारने 227चे 236 केले आणि पुढच्या सरकारने 2022मध्ये पुन्हा 227 केले. विस्कॉन्सिनमध्ये जे घडले ते समजायला आपल्याला वेगळी शिकवणी लागत नाही.

आयोग म्हणजे रामबाण नव्हे, हेही सांगायला हवे. लेक मिशिगनच्या पलीकडच्या मिशिगन राज्यात 2018मध्ये नागरिकांनीच मतपत्रिकेवर प्रस्ताव आणून 13 जणांचा आयोग घडवला: चार डेमोक्रॅट, चार रिपब्लिकन, पाच कुठल्याच पक्षाचे नसलेले. त्या नकाशावर 2022मध्ये डेमोक्रॅटांनी दोन्ही सभागृहे जिंकली आणि 2024मध्ये मतदार फिरल्यावर एक गमावलेही. मत फिरले की सत्ता फिरते, हे तिथे पुन्हा दिसू लागले. पण त्याच आयोगाने डेट्रॉइटचे मतदारसंघ उपनगरांपर्यंत ताणले, आणि डिसेंबर 2023मध्ये केंद्रीय न्यायालयाने विधिमंडळाचे 13 मतदारसंघ वंशाच्या आधारावर बेकायदा आखल्याचे ठरवले. बेळगावात वाढलेले श्री ठाणेदार काँग्रेसवर गेले ते याच आयोगाने आखलेल्या डेट्रॉइटच्या 13व्या मतदारसंघातून. नऊ उमेदवारांच्या प्राथमिक फेरीत सुमारे 28 टक्के मते घेऊन ते पुढे आले, आणि जवळपास सात दशकांत प्रथमच बहुसंख्य काळ्या लोकांच्या या शहराचा वॉशिंग्टनमध्ये काळा प्रतिनिधी उरला नाही. आपल्या माणसाचा अभिमान बाळगतानाही डेट्रॉइटकरांची ही खंत समजून घ्यायला हवी. तरीही मिशिगनची चूक उघड बैठकांत, नोंदी ठेवून झाली, म्हणून ती न्यायालयात पकडता आली आणि दुरुस्तही झाली. कॅपिटॉलसमोरच्या बंद खोलीतली चूक उजेडात यायला वर्षे लागली.

विस्कॉन्सिनमध्ये मिशिगनचा मार्ग बंद आहे. या राज्याच्या मतदारांना स्वतः सह्या गोळा करून कायदा किंवा घटनादुरुस्ती मतदानाला लावण्याचा अधिकारच नाही. राज्यातल्या 72पैकी 50हून अधिक काऊंट्यांच्या मंडळांनी स्वतंत्र पद्धतीच्या मागणीचे ठराव केले, अनेक ठिकाणी सल्लागार सार्वमत घेतले, त्यात रिपब्लिकनांचे बालेकिल्लेही होते. हे सगळे ठराव विधिमंडळाच्या दारात पडून राहिले. लोकांचा अधिकार लोकांना परत द्यायचा की नाही, हे इथे शेवटी आमदारच ठरवतात.

आणि आमदारांचा सोयीस्करपणा दोन्हीकडे दिसला. वर्षानुवर्षे डेमोक्रॅट शेजारच्या आयोवा राज्याची पद्धत मागत होते. तिथे विधिमंडळाची बिगरपक्षीय सेवा यंत्रणा निवडणुकीची आकडेवारी न पाहता नकाशे काढते. सप्टेंबर 2023मध्ये, न्यायालयाचे बहुमत पालटल्यावर, व्हॉस यांनीच तसे विधेयक अचानक आणले. आता डेमोक्रॅट नको म्हणू लागले. शेवटी सगळे विधिमंडळाच्या हाती राहते, अशी फट विधेयकात होती, त्यामुळे त्यांचा अविश्वास अकारण नव्हता. पण फट बुजवून तेच विधेयक पुढे रेटण्याची संधी त्यांनी घालवली, कारण न्यायालयाकडून याहून अधिक मिळेल असे दिसत होते. वरचढ असताना सुधारणा नकोशी वाटते आणि खाली आल्यावर ती आठवते, असे चालले तर ती कधीच होणार नाही.

म्हणून मला आजची वेळ मोलाची वाटते. गेल्या अनेक वर्षांत प्रथमच 2031च्या नकाशावर कुणाचा हात असेल, हे कुणालाच खात्रीने सांगता येत नाही. एव्हर्स यांनी तिसऱ्यांदा न लढण्याचे जाहीर केले आहे. नोव्हेंबर 2026मध्ये गव्हर्नरपद, विधानसभेच्या सगळ्या 99 आणि सिनेटच्या 17 जागा मतदानाला आहेत, आणि तिन्ही ठिकाणी कुणीही जिंकू शकते. उद्या आपण खाली असू शकतो हे दोघांनाही ठाऊक असते, तेव्हाच न्याय्य नियम घडतात.

मसुद्यात काय असावे, याविषयी माझे आग्रह थोडके आहेत. आयोगात आमदार, पक्षाचे पदाधिकारी आणि त्यांचे पगारी सल्लागार नकोत. नकाशा काढताना मागच्या निवडणुकांचे निकाल समोर नसावेत. पण तयार झाल्यावर त्याच निकालांवर तो पारखून घ्यावा, नाहीतर भूगोलाचे माप नकळत दुप्पट होईल. शिबॉयगनसारखे शहर एका मतदारसंघात मावत असेल तर ते फोडायला कारण लेखी द्यावे लागेल. प्रत्येक मसुदा आणि त्यावरचा पत्रव्यवहार त्याच दिवशी लोकांसमोर यावा. काँग्रेसच्या आठ जागाही याच आयोगाकडे जाव्यात. आज त्यातल्या सहा रिपब्लिकनांकडे आहेत, आणि तो नकाशा कमीत कमी बदलाच्या नियमात बसवून खुद्द एव्हर्स यांनीच सुचवलेला होता.

हे साध्या कायद्याने केले तर पुढचे बहुमत ते तासाभरात रद्द करील. घटनादुरुस्तीच हवी, आणि विस्कॉन्सिनमध्ये ती दोन लागोपाठच्या विधिमंडळांनी मंजूर करून मग सार्वमताला जावी लागते. जनगणना 2030मध्ये आहे, तिचे आकडे 2031च्या सुरुवातीला येतील. 2027–28च्या अधिवेशनात पहिली मंजुरी, 2029–30च्या अधिवेशनात दुसरी, आणि नोव्हेंबर 2030 किंवा फार तर एप्रिल 2031मध्ये लोकांचे मत, एवढीच वाट शिल्लक आहे. पहिली मंजुरी त्या अधिवेशनात झाली नाही, तर पुढच्या दशकाचा नकाशा पुन्हा ज्याच्या हाती त्या वर्षी बहुमत असेल तोच काढील.